ओळखीची वाटणारी छत्री

रानातली अळंबी खाऊन कुणी दगावलं की आपण लगेच म्हणतो, कळत नव्हतं तर खाल्ली कशाला? डेथ कॅप नावाच्या अळंबीची प्रकरणं एकापुढे एक ठेवून वाचली, की हा प्रश्नच चुकीचा वाटायला लागतो. अळंबीच्या विषाने जगात होणाऱ्या मृत्यूंपैकी बहुसंख्य मृत्यू या एका जातीच्या खात्यावर जमा आहेत. शास्त्रात तिचं नाव अमानिता फॅलॉइडिस. तिला बळी पडलेल्यांत लहानपणापासून अळंबी वेचत आलेली, ज्यांच्या हातचं घरातले बिनधास्त खातात अशी माणसं पुन्हा पुन्हा आढळतात. त्यांना कळत होतं, आणि जे कळत होतं ते त्यांच्या मुलखात खरंही होतं. घात झाला तो मुलूख बदलल्यामुळे. अळंबी ओळखणं म्हणजे तिचं रूप ओळखणं, असं आपण धरून चालतो. पण या ओळखीत आजूबाजूला काय उगवतं आणि काय उगवत नाही, याचा हिशेब न बोलता धरलेला असतो. तो हिशेब बदलला की रूप तेच राहतं आणि ओळख खोटी ठरते.

याचं सर्वांत बोलकं उदाहरण भाताच्या पेंढ्यावर उगवणाऱ्या अळंबीचं. कुजत्या पेंढ्यावर, उष्ण दमट हवेत वाढणारी ही अळंबी आग्नेय आशियात आणि दक्षिण चीनमध्ये रोजच्या जेवणातली आहे. आपल्याकडे ओडिशात तिची लागवड होते. ती खातात ती कोवळी असताना, टोपी उघडण्याआधी, अंड्याएवढी असताना. तिच्याभोवती एक पातळ आवरण असतं, ते वरून फाटतं आणि बुडाशी पिशवीसारखं राहतं. आता युरोपातलं कुठलंही अळंबीचं पुस्तक उघडा. बुडाशी पिशवी दिसली की हात मागे घ्या, असं त्यात ठळक लिहिलेलं असतं, कारण तिथे पिशवी ही डेथ कॅपची आणि तिच्या भावंडांची खूण आहे. व्हिएतनाम किंवा लाओसच्या खेड्यातून आलेल्या माणसाला मात्र तीच पिशवी ‘हीच ती आपली’ असं सांगते. एकच खूण एका मुलखात धोक्याची आणि दुसऱ्या मुलखात भरवशाची. कॅलिफोर्निया आणि ऑस्ट्रेलियातल्या डॉक्टरांनी आशियातून आलेल्या कुटुंबांमध्ये ही गफलत वारंवार नोंदवली आहे. कॅनबेरात २०११ च्या शेवटच्या रात्री केलेल्या जेवणानंतर दोघांचा मृत्यू झाला. त्या जेवणातली अळंबी ज्याने शिजवली तो चीनमधून आलेला, व्यवसायाने स्वयंपाकी होता. अडाणीपणाचा शेरा त्याच्यावर मारता येणार नाही.

तेव्हा आधी ही अळंबी नीट पाहू. पूर्ण उघडलेली टोपी साधारण ५ ते १५ सेंटिमीटर रुंद असते. रंग ऑलिव्हच्या फळासारखा हिरवट, पण त्यात पिवळसरपासून तपकिरीपर्यंत सगळ्या छटा येतात, मधोमध गडद आणि कडेला फिकट. पावसाने धुतलेली किंवा जुनी टोपी जवळजवळ पांढरी दिसते आणि मुळातच पांढराशुभ्र असा प्रकारही आहे. म्हणून रंगावर भिस्त ठेवणं सर्वांत वाईट. रंगापेक्षा टोपीचा पोत जास्त सांगतो: पृष्ठभाग गुळगुळीत, ओला असताना किंचित चिकट, सुकल्यावर रेशमासारखा चमकदार, आणि आतून कडेकडे गेलेल्या अगदी बारीक गडद रेषा. टोपी उलटी केली की कडेकडून दांड्याकडे येणारे पातळ पडदे दिसतात, त्यांना पुस्तकात कल्ले म्हणतात. डेथ कॅपचे कल्ले पांढरे असतात आणि म्हातारपणीही पांढरेच राहतात. दांड्यापर्यंत येतात पण त्याला चिकटत नाहीत. दांडा पांढरट, त्यावर बहुधा फिकट नागमोडी पट्टे, आणि वरच्या भागात खाली लोंबणारी पातळ झालर. ही झालर पावसात गळून पडते, म्हणून ती नसली तर सुटलो असं समजू नये. कोवळ्या अळंबीला मंद गोडसर वास येतो, जुनी झाल्यावर तो उबग आणणारा होतो. चवीने मात्र ती काहीच सांगत नाही. वाचलेल्या अनेकांनी ती रुचकर लागल्याचं डॉक्टरांना सांगितलं आहे.

खरी ओळख जमिनीखाली असते. दांड्याचं बूड कांद्यासारखं फुगलेलं असतं आणि ते एका पांढऱ्या, फाटक्या काठाच्या पिशवीत बसलेलं असतं. ही पिशवी पाचोळ्यात किंवा मातीत दडलेली राहते, आणि जगभर अळंबी वेचणारा माणूस जे सहज करतो तेच इथे नडतं: तो दांडा वरून खुडतो किंवा सुरीने कापतो. पिशवी मागे राहते आणि टोपलीत पडते ती एक सोज्वळ, गुळगुळीत, निरुपद्रवी दिसणारी टोपी. म्हणून ओळख पटवायची असेल तर अळंबी बुडाखालच्या मातीसकट उकरून काढावी लागते. तिला हात लावल्याने विष बाधत नाही. ते पोटात जावं लागतं. अजून न उघडलेल्या अंड्याच्या अवस्थेत तर सुरीशिवाय गत्यंतर नाही. ते अंडं उभं मधोमध कापलं की आत टोपी, कल्ले आणि दांडा यांची छोटी आकृती स्पष्ट दिसते. गोळा आतून सलग, एकसारखा पांढरा असेल तर ती निराळ्या कुळातली गोल अळंबी असते. पण कापल्यावर आत आकृती दिसली, तर ती डेथ कॅपची की पेंढ्यावरच्या अळंबीची हे डोळ्यांना सांगता येत नाही. दोन्ही जाती सर्वांत सारख्या दिसतात त्या याच वयात, आणि पेंढ्यावरची अळंबी खाल्ली जाते तीही याच वयात.

मोठ्या अळंबीत मात्र एक साधी परीक्षा या दोघींना वेगळं करते. टोपी दांड्यापासून काढून, कल्ले खाली येतील अशी कागदावर ठेवायची, वर भांडं पालथं घालायचं आणि रात्रभर राहू द्यायचं. सकाळी कागदावर बीजाणूंचा ठसा उमटतो. डेथ कॅपचा ठसा पांढरा, म्हणून अर्धा काळा आणि अर्धा पांढरा कागद घ्यावा, नाहीतर पांढऱ्यावर पांढरं काही दिसत नाही. पेंढ्यावरच्या अळंबीचा ठसा गुलाबी. तिला दांड्यावर झालरही नसते. पण हे सगळं करायला अळंबी उघडावी लागते, रात्रभर थांबावं लागतं आणि टोपी वाया जाते. जेवणासाठी वेचणारा माणूस यातलं काहीच करत नाही, कारण त्याला शंकाच आलेली नसते. वर्तमानपत्राच्या हलक्या कागदावर अळंबीचा रस दाबून वाळवला आणि त्यावर तीव्र हायड्रोक्लोरिक आम्लाचा थेंब टाकला तर निळा रंग येतो, अशीही एक चाचणी आहे. त्या कागदातल्या लिग्निनमुळे ती साधते. ती हुशार आहे, पण बिनविषारी अळंबीतही कधी कधी निळी होते, आणि तिच्या जोरावर जेवण करणं म्हणजे वेडेपणा.

ज्या परीक्षा लोक खरोखर करतात त्या याहून सोप्या आहेत आणि एकजात निरुपयोगी आहेत. चांदीचं नाणं किंवा लसूण सोबत शिजवला आणि काळा पडला तर विष. टोपीची साल निघाली तर चांगली. किड्याने किंवा गोगलगायीने खाल्लेली असेल तर आपल्यालाही चालेल. खळखळून उकळली की विष निघून जातं. डेथ कॅपची साल छान निघते. गोगलगायी तिला खातात आणि धडधाकट राहतात. आणि तिचं विष उकळून, तळून, वाळवून किंवा गोठवूनही टिकतं. ते अमॅनिटिन नावाचं विष म्हणजे आठ अमिनो आम्लांची, कडीसारखी बंद झालेली साखळी. ही रचनाच तिला चुलीच्या उष्णतेपासून आणि जठराच्या पाचक रसांपासून वाचवते. गंमत अशी की जर्मनीत १९३७ मध्ये लिनन आणि वीलांड यांनी या अळंबीतून पहिलं विष शुद्ध रूपात वेगळं केलं ते फॅलॉइडिन, आणि ते खाल्ल्यावर आतड्यातून जवळजवळ शोषलंच जात नाही. मारणारं अमॅनिटिन त्यानंतर हाती लागलं. फॅलॉइडिन आज प्रयोगशाळांमध्ये पेशींचा सांगाडा रंगवून दाखवायला वापरतात.

इथे एक आक्षेप येतो आणि तो वजनदार आहे. या परीक्षा खोट्या असतील तर त्या करणारी गावंच्या गावं पिढ्यान्‌पिढ्या जगली कशी? उत्तर आपल्या कोकणातच सापडतं. पहिल्या पावसाच्या जोरानंतर कोकणात आणि गोव्यात रस्त्याकडेला पानांवर मांडून जी अळंबी विकायला येते, ती बहुतांशी वाळवीच्या वारुळावर उगवणारी, टर्मिटोमायसिस या गटातली असते. वाळवी जमिनीखाली या बुरशीची शेतीच करते, आणि पावसात त्या शेतातून अळंबी वर येते; तिचा दांडा मुळासारखा निमुळता होत थेट वारुळापर्यंत खाली गेलेला असतो. माणसाला तिची अजून लागवड साधलेली नाही. ती आणणारी माणसं ठरावीक वारुळांवर, ठरावीक दिवसांत जातात आणि ती जागा शेजाऱ्यालाही सांगत नाहीत. त्यांना वाचवतं ते हे पत्ते माहीत असणं. वारुळाच्या बाहेर उगवलेल्या बाकी सगळ्याला ‘कुत्र्याच्या छत्र्या’ म्हणून ती लाथाडून पुढे जातात. चांदीचं नाणं भांड्यात पडलं असेल तर ते आधीच निवडून झालेल्या अळंबीवर पडतं. निवडीचं श्रेय फुकट घेतं. म्हणून परंपरा खोटी आहे असं म्हणायचं कारण नाही. ती फार नेमकी आहे, आणि नेमकी असल्यामुळेच ती पेटीत भरून दुसऱ्या खंडात नेता येत नाही.

माणसं हललीच, पण विसाव्या शतकात ही अळंबीसुद्धा हलली, आणि याकडे पुरेसं लक्ष जात नाही. डेथ कॅप एकटी जगू शकत नाही. जमिनीखालचे तिचे तंतू ओक, बीच, चेस्टनट, हॉर्नबीम अशा झाडांच्या मुळांना वेढून असतात. झाड तिला साखर देतं, ती झाडाला पाणी आणि खनिजं मिळवून देते. युरोपातली ही झाडं रोपं म्हणून, मुळांभोवतीच्या मातीसकट, जहाजांतून जगभर गेली आणि मातीबरोबर ही पाहुणी गेली. कॅनबेराच्या रस्त्यांवर सावलीसाठी लावलेल्या इंग्लिश ओकखाली ती पावसानंतर उगवते. दक्षिण आफ्रिकेतही ओकसोबत पोहोचली. कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावर ती आधी शहरातल्या आयात झाडांखाली दिसली आणि मग तिथल्या स्थानिक गॅरी ओककडे वळली. २०१६ मध्ये व्हिक्टोरिया शहरात तीन वर्षांच्या एका मुलाचा तिने जीव घेतला. कॅलिफोर्नियात ती मूळची की बाहेरची यावर बराच वाद होता. ॲन प्रिंगल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या जनुकीय अभ्यासाने ती युरोपातून आलेली आणि अजून पसरत असलेली आहे हे दाखवून दिलं. तिथे तिने किनाऱ्यावरच्या स्थानिक ओकशी सोयरीक जमवली आहे, म्हणजे ती आता बागेपुरती उरलेली नाही, रानात शिरली आहे. आजोबांच्या काळी जे रान निर्धोक होतं तेच रान नातवाच्या काळात निर्धोक असेल याची हमी नाही. पत्ता तोच असतानाही रहिवासी बदलतात.

कॅलिफोर्नियातच डिसेंबर २०१६ मध्ये, भरपूर पावसानंतर, सॅन फ्रान्सिस्कोच्या परिसरात थोड्या दिवसांत १४ जणांना या अळंबीची बाधा झाली. एका कुटुंबाला ती ओळखीच्या माणसाने वेचून आणून दिली होती; घरात भाजून सगळ्यांनी खाल्ली, दीड वर्षाच्या मुलीनेही. १४ पैकी तिघांचं यकृत बदलावं लागलं. सगळे जगले, पण त्या मुलीच्या मेंदूला कायमची इजा झाली. या विषाचा कावा त्याच्या वेळापत्रकात आहे. खाल्ल्यावर साधारण ६ ते १२ तास काहीच होत नाही, कधी त्याहून जास्त वेळ. मग जोराच्या उलट्या आणि पाण्यासारखे जुलाब. दुसऱ्या दिवशी ते ओसरतात, माणसाला बरं वाटतं, आणि पोट बिघडलं होतं असं म्हणून तो घरी जातो किंवा त्याला घरी पाठवलं जातं. त्याच वेळी यकृताच्या पेशी मरत असतात, कारण पेशीतल्या जनुकांची नक्कल काढणारं यंत्रच विषाने अडवलेलं असतं आणि नवी प्रथिनं बनत नाहीत. यकृत ते विष पित्तातून आतड्यात टाकतं आणि आतडं ते शोषून पुन्हा यकृताकडे पाठवतं. तिसऱ्या-चौथ्या दिवशी कावीळ आणि रक्तस्राव दिसतात तोवर उपचारांचा चांगला काळ निघून गेलेला असतो. शिरेतून भरपूर द्रव, दूधकाटेरी वनस्पतीपासून काढलेलं सिलिबिनिन, ॲसिटिलसिस्टीन आणि शेवटी यकृताचं प्रत्यारोपण, हे आजचे उपाय. खात्रीचा उतारा नाही. चीनमधल्या संशोधकांनी २०२३ मध्ये इंडोसायनिन ग्रीन या वैद्यकीय रंगद्रव्याने उंदरांमधलं नुकसान कमी होतं हे दाखवलं, पण माणसांसाठी तो अजून उपचार झालेला नाही. म्हणून डॉक्टरांच्या दृष्टीने लाखमोलाची माहिती दोनच प्रश्नांत असते: काय खाल्लं आणि त्यानंतर किती तासांनी त्रास सुरू झाला. केराच्या डब्यातली देठं आणि सालं घेऊन जाणारा नातेवाईक निम्मं काम करतो.

दुसरा आक्षेप आजच्या काळाचा. आता फोन आहे, फोटो काढला की ॲप नाव सांगतं. मग मुलखाचा आणि पत्त्याचा हा सगळा पसारा कशाला? ऑस्ट्रेलियातल्या विषविज्ञानाच्या अभ्यासकांनी अशा तीन ॲपची चाचणी घेतली, तेव्हा सर्वांत चांगल्या ॲपनेसुद्धा सुमारे निम्मेच नमुने बरोबर ओळखले. हा आकडा पुढे सुधारेल यात शंका नाही. पण अडचण आकड्यापलीकडची आहे. फोटो वरून घेतला जातो. त्यात टोपी येते; मातीतली पिशवी, कापलेल्या अंड्याच्या आतली आकृती, बीजाणूंचा रंग आणि वास येत नाहीत. माणसाला फसवणाऱ्या ज्या गोष्टी आहेत, त्याच नेमक्या कॅमेऱ्याला पुरवल्या जातात. फोटो ज्याने काढला त्याच्या मनात उत्तर बहुधा आधीच ठरलेलं असतं, आणि दहा पर्यायांच्या यादीत आपल्या पसंतीचं नाव सापडणं अवघड नसतं.

तिसरा आक्षेप सरकारी खाक्याचा: सरळ सांगा ना, रानातली कुठलीच अळंबी खाऊ नका. नवख्याला हा सल्ला पुरेसा आहे आणि त्यात बदल सुचवायचा नाही. अडचण जाणकाराची आहे. ‘ओळखता न येणारी अळंबी खाऊ नका’ हा फलक वाचून तो मान डोलावतो, कारण समोरची अळंबी त्याला ओळखता येते. २०१५ च्या शरदात जर्मनीत नव्याने आलेल्या निर्वासितांमध्ये डेथ कॅपच्या बाधेचे रुग्ण वाढले, तेव्हा हॅनोव्हरच्या वैद्यकीय विद्यापीठाने अरबी, कुर्दी अशा त्यांच्या भाषांत सचित्र फलक तयार केले. २०२१ मध्ये काबूलहून सुटका होऊन पोलंडमध्ये पोहोचलेल्या एका अफगाण कुटुंबाने निर्वासित केंद्राजवळच्या रानातून वेचलेली अळंबी खाल्ली. पाच आणि सहा वर्षांची दोन भावंडं गेली, त्यांतल्या मोठ्याचं यकृत बदलूनही. अशा माणसांना बंदीची भाषा उपयोगाची नाही. ‘तुमच्या गावची अमुक अळंबी इथे उगवत नाही, तिच्यासारखी दिसणारी ही दुसरी आहे’ हे वाक्य त्यांच्या भाषेत, त्यांच्या अळंबीच्या चित्रासह, आल्या आल्या समोर ठेवावं लागतं. त्यात त्यांच्या ज्ञानाचा अपमान नाही. उलट ते ज्ञान खरं आहे हे धरूनच पुढचं बोलणं आहे.

महाराष्ट्रापुरतं बोलायचं तर सह्याद्रीच्या रानात ओक नाहीत, बीच नाहीत, त्यामुळे डेथ कॅपशी गाठ पडण्याचा संभव फार कमी. आपल्या हिरवळीवर आणि बागांत पावसाळ्यात जी विषारी अळंबी सर्रास दिसते ती वेगळी, हिरव्या कल्ल्यांची क्लोरोफायलम: मोठी पांढरी टोपी, त्यावर तपकिरी खवले, बुडाशी पिशवी नाही. ती खाल्ल्यावर एक ते तीन तासांत भयंकर उलट्या-जुलाब होतात, पण सहसा जीव जात नाही. तिचे कल्ले कोवळेपणी पांढरे असतात आणि वय वाढल्यावरच हिरवट होतात, म्हणजे इथेही कोवळी छत्री उचलणाराच फसतो. भारतात अळंबीने जीव जातच नाहीत असंही नाही. एप्रिल २०२२ मध्ये आसामच्या पूर्व भागात रानातली अळंबी खाऊन १३ जण दगावले, त्यांत बहुतेक चहामळ्यातल्या मजुरांची कुटुंबं होती.

डेथ कॅपचा धोका मराठी माणसाला खराखुरा आहे तो सॅन फ्रान्सिस्कोच्या बे एरियात, मेलबर्नमध्ये, कॅनबेरात. तिथल्या मराठी घरांत पावसाळी रविवारी मुलांना घेऊन टेकडीवर जाणं नवं नाही, आणि ज्यांचं बालपण कोकणात गेलं त्यांना पावसानंतर झाडाखाली वर आलेली पांढरट छत्री बघून काय आठवतं हे सांगायला नको. आता फोटो क्षणात रत्नागिरीला जातो आणि आईचं उत्तर क्षणात येतं. आईचा अनुभव चाळीस पावसाळ्यांचा असेल, तिने आणलेल्या अळंबीने कुणाचं पोटसुद्धा दुखलं नसेल. पण तिच्या अनुभवात ओकचं झाड कधी आलेलं नाही. पाठवलेल्या फोटोत झाड असलं तरी ते कुठलं आहे याला आई महत्त्व देणार नाही, आणि फोटोसाठी दांडा खुडून हातात धरलेला असेल तर पिशवी ओकच्या मुळाशी मातीतच राहिलेली असते.